मोटरपंपाला पाणी पाजणारा हातबंब

मित्रांनो, भिंगारच्या चावडीमागे चार चाकांवर उभा असलेला जुना हातबंब मीच. माझ्या हौदात पाणी भरायचं, आठ माणसांनी दोन बाजूंचे दांडे वरखाली करायचे, की माझ्या नळीतून धार उडते. वीस वर्षं बाजारातली प्रत्येक आग मीच विझवली.

१९४३ साली, लढाईच्या धामधुमीत, मोटरपंप आला. तांबडा, चकचकीत! माझी पत्र्याची शेड त्याला मिळाली आणि मी उन्हात आलो. दसऱ्याला झेंडूचा हार त्याला. माझ्या हौदात कोंबड्या अंडी घालू लागल्या. कमरुद्दीन मिस्त्री रोज मला पुसायचे, ते आता त्याला पुसू लागले. हे मला फार झोंबलं. ‘बिघडू दे मेला!’ असं मी रोज मनात म्हणायचो.

पुढच्या चैत्रात भर दुपारी लाकडाच्या वखारीला आग लागली. वखारीला लागूनच गोजरबाईचं घर. श्रीमंत नावाचा तिचा नवरा पाय मोडून खाटेवर पडलेला, आणि ज्वाळा दारापर्यंत आलेल्या.

“आमचं मानूस आत हाय हो!” ती ओरडत होती.

वखारीजवळच्या विहिरीवर मोटरपंप धडधडला, पण थेंबभर पाणी येईना. भिमाजी हमालानं माणसं जमवून मलाही ओढत आणलं होतं. त्यानं विचारलं, “मिस्त्री, पानी का येईना?”

“त्याच्या पोटात हवा हाय. आधी पान्यानं भरल्याबिगर तो विहिरीतलं पानी ओढत न्हाई. अन् पाइपाच्या तळाची झडप गळतीय. घागरीनं ओतलेलं सगळं खाली जातंय.”

खरं सांगतो, मला आनंद झाला.

तेवढ्यात मिस्त्री माझ्याकडे वळले. “हातबंबाची नळी ह्याच्या तोंडाला लावा! जोरानं भरू.”

माणसांनी घागरींनी माझा हौद भरला. दांडे हलले, पण माझ्यातून नुसती फुसफुस निघाली. पाणी दाबणाऱ्या आतल्या दट्ट्याचं कातडं वाळून कडक झालं होतं. मिस्त्रींनी घाईघाईनं ते भिजवलं. “चूक माझी हाय. लई दिवस बघितलंच न्हाई,” ते पुटपुटले.

मग गोजरबाईच दांड्याला भिडली. तिचे तळवे सोलवटले, पण दांडा सुटला नाही. माझा आनंद शरमेनं विझला. कातडं फुगलं आणि मी होतं नव्हतं ते सगळं पाणी माझ्या वैऱ्याच्या पोटात ओतलं. त्याला एकदम ओढ लागली. छपरापल्याड जाईल अशी धार उसळली. दारातली आग दबताच भिमाजीनं श्रीमंतला पाठीवर घेऊन बाहेर आणलं.

“मोटरपंपानं वाचीवलं!” सारा बाजार म्हणाला. माझं नाव कुणी घेतलं नाही. त्या वखारीपेक्षा मी जास्त जळलो, आजही जळतो.

मित्रांनो, जुन्या यंत्राचं कातडं वाळू देऊ नका. त्याची गरज कधी पडेल, सांगता येत नाही. आणि मनातला मत्सर जात नसेल, तर राहू दे. पण कुणाचं घर पेटलं असताना आपल्याजवळचं पाणी अडवू नका.