दिवंगतचा उघडा डोळा

सेटवर सगळे त्याला लाडाने ‘दिवंगत’ म्हणत. मरण्यात त्याचा हात धरणारं दुसरं कुणी नव्हतं. सिनेमात मध्यांतराच्या आत आणि मालिकेत फार तर तिसऱ्या भागात त्याचा कारभार आटोपायचा. कधी प्रामाणिक कारकून, कधी घाबरट साक्षीदार, कधी कुणाचा तरी चुलता. मरण मात्र ठरलेलं. रस्त्यात लोक थांबवून म्हणत, तुम्हाला कुठंतरी पाहिलंय, बँकेत असता का? तो खुशाल हो म्हणून मोकळा व्हायचा. काम मिळतंय ना, मग नावाचं काय लोणचं घालायचंय?

पंचाईत होती ती आईची. सगळं खोटं असतं हे तिला पक्कं ठाऊक, पण आईचं काळीज ते. लेक पडद्यावर पडला की तिचा जीव खालीवर व्हायचा. म्हणून आपण टीव्हीवर मरणार त्या दिवशी तो दुसरं काम घेत नसे. कोचावर तिच्या शेजारी बसायचा आणि ती त्याचा दंड चाचपून बघायची.

हल्ली तिची नजर अधू होत चालली होती. मागच्या खेपेला त्याचं मरण बघून झाल्यावर ती म्हणाली, “एकदा तरी जिवंत राहा रे. मला दिसतंय तोवर.”

ते त्याला फार लागलं. आयुष्यात पहिल्यांदाच त्याने कुणाकडे शब्द टाकला. दिग्दर्शक तरुण होता, पण भला माणूस. त्याने नव्या चित्रपटात याला हवालदार केलं. गोदामात गोळीबार होतो, बाकीचे मरतात, हा तेवढा वाचतो आणि नायकाला तिजोरीची चावी देतो. चावीचा प्रसंग आधीच चित्रित झाला. याने घरी जाऊन आईला सांगूनही टाकलं.

मग गोळीबाराचा दिवस आला. गोदामाची खोटी भिंत एकदाच उडणार होती. दुसरी बांधायची सोय नव्हती. तालमीत सगळे तोंडानेच ‘ठो’ म्हणत होते, तेव्हा हा अगदी ताठ उभा. प्रत्यक्षात पहिला बार उडाला आणि याच्या देहाने इतक्या वर्षांचा शिरस्ता पाळला. छातीवर हात, गुडघे दुमडलेले, असा काही झकास पडला की शेजारी ज्याला खरोखर मरायचं होतं, तो बघतच राहिला. जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही म्हणतात. याची तर खोडच मरायची.

जमिनीला पाठ टेकल्यावर त्याच्या ध्यानात आलं. एक डोळा किलकिला करून त्याने पाहिलं. भिंत गेली होती. त्याने डोळा पुन्हा मिटून घेतला.

“काका, तुम्ही का पडलात?” दिग्दर्शकाने नंतर विचारलं.

“बार उडाला ना हो.”

दिग्दर्शक कपाळाला हात लावून बसला आणि बघू म्हणाला. चावीचा प्रसंग आता कापणार, असं हा धरूनच चालला. आईला सांगायचा मात्र धीर झाला नाही.

चित्रपट टीव्हीवर लागला तेव्हा ती पडद्याच्या अगदी जवळ खुर्ची ओढून बसली होती आणि तो तिच्या शेजारी. बार उडाला, हा पडला आणि तिची बोटं त्याच्या दंडात रुतली. माझंच चुकलं, असं तो सांगणार, तोच पडद्यावर धुरळ्यातून त्याचा चेहरा मोठा झाला. एक डोळा हळूच उघडला, इकडेतिकडे पाहून पुन्हा मिटला. गुंड त्याला मेलेला समजून निघून गेले. पुढच्या प्रसंगात हवालदार नायकाच्या हातात चावी ठेवत होता. दिग्दर्शकाने चूक तशीच ठेवून त्याला वाचवलं होतं.

आई खुदकन हसली.

“शाळा बुडवायची असली की असाच पडायचास. मग एक डोळा उघडून बघायचास, मी गेले का.”

“तुला कळायचं?” तो चकित झाला. “मग उठवलं का नाहीस कधी?”

“इतकं छान करायचास रे,” ती म्हणाली. “मोडवायचं नाही मला.”