पेन्सिलीने लिहिलेले सामने

मी धावांची वही बोलतेय. माझ्यासाठी एकच नियम होता: गोऱ्यांच्या संघाशी सामना असेल तर पेन्सिलीनेच लिहायचं. का, ते विचारायचं नाही. आज माझी पानं पिवळी पडलीत, तरी रबराचा वास आला की मी सावध होते.

अलाबामातल्या एका दुकानातून मला कॅस मामांनी आणलं. ते काळ्या खेळाडूंच्या बेसबॉल संघाचे मॅनेजर. गोऱ्यांच्या लीगमध्ये या खेळाडूंना जागा नव्हती, म्हणून जुन्या बसमधून गावोगाव खेळत फिरायचं. त्यांच्या खेळाचा पुरावा म्हणजे मी. आणि मीच खात्रीची नव्हते.

मग मामांची भाची व्हर्डेल कॉलेज संपवून आली आणि मला लिहू लागली. पहिल्याच दिवशी तिने माझं पान उन्हात धरलं.

"मामा, इथे कागद एवढा कसा झिजला?"

"घामाने."

"घाम फक्त गोऱ्यांच्याच सामन्यांना येतो का?"

तेव्हापासून आम्ही दोघी सगळ्यांकडे संशयाने पाहू लागलो.

ऑगस्टमध्ये कापडगिरणीच्या गोऱ्या संघाला आमच्या इझेल पिकेटने नऊ डावांत एकही हिट, म्हणजे बेस गाठून देणारा फटका, मारू दिला नाही. चेंडू फेकणाऱ्या पिचरला असा सामना क्वचितच लाभतो. एकच गोरा पहिल्या बेसवर पोहोचला, तोही आमच्या माणसाच्या हातून चेंडू सुटला म्हणून. व्हर्डेलने लिहिलं, 'चूक'. तिथे 'हिट' लिहिलं असतं, तर इझेलचा तो मान गेला असता.

सामना संपल्यावर गिरणीचा मॅनेजर लिंबू सरबत घेऊन बसपाशी आला. इतका गोड बोलणारा गोरा पाहून मला धडकीच भरली.

"कॅस, ती चूक नव्हती रे. हिट होता. पुढच्या वर्षी यायचंय ना तुम्हाला?"

तो गेल्यावर सगळे बसमध्ये चढले आणि मामांनी रबर पुढे केलं. "खोड, पोरी. हिट लिही."

"तुम्हीही पाहिलंत. हिट होता?"

"सगळ्यांना धड घरी न्यायचंय मला."

म्हातारे कॅचर डंकन कुरकुरले, "कॉलेजात हेच शिकवलं वाटतं? मोठ्यांना उलट बोलायला?"

"खोटं ओळखायला शिकवलं, काका. आणि सामना ज्याचा, त्या इझेलला कुणी विचारलंत?"

मागच्या सीटवर इझेल दुखरा खांदा चोळत होता. "माझे असे दोन खोडलेत मामांनी," तो म्हणाला. "हा तरी राहू द्या."

व्हर्डेलने मामांकडे पाहिलं. मग मला मिटून छातीशी धरलं.

"नाही खोडणार. उतरवायचं तर इथेच उतरवा मला. वही माझ्याबरोबर उतरेल."

डंकन खिडकीबाहेर पाहू लागले. मामांनी रबर खिशात टाकलं आणि बस सोडायला सांगितली. बस गावाबाहेर पडली, तेव्हा माझ्या पानावरची 'चूक' तशीच होती.