बॉबिनच्या डब्यातली चिठ्ठी

थोरलीनं बॉबिनचा डबा शिलाई मशीनवर उपडा केला आणि तळाची दुमडलेली चिठ्ठी बरोबर हाती लागली. महिन्यातली ही चौदावी. परवा तेलाच्या कुपीखाली, काल मशीनच्या खणात, आज इथे.

तिची धाकटी जाऊ पुढे गिऱ्हाइकाच्या पँटची उंची मापत होती. तिची पाठ बघून थोरलीनं चिठ्ठी उलगडली. बोराएवढी अक्षरं. बेंगो, मी येते. ब्येनेस, तू येतेस. ब्येने, ती येते. स्पॅनिशमध्ये माणसागणिक क्रियापदाचं शेपूट बदलतं, म्हणून घोकावं लागतं, एवढं धाकटीनं सांगितलं होतं. कशाला घोकतेस म्हटल्यावर मात्र, "असंच हो ताई, विरंगुळा."

विरंगुळा म्हणे! थोरलीनं काही उन्हात केस पांढरे केले नव्हते. धाकटीची लेक परदेशात, नात चार वर्षांची, आणि त्या पोरीला स्पॅनिशशिवाय अक्षर कळत नाही. म्हणजे बाई निघाली. लेक धाकटीच्या पोटची खरी, पण तिची दुखणीखुपणी थोरलीनंच काढली होती. 'मोठी आई' म्हणत ती हिच्याच कुशीत झोपायची. आता ते कोण लक्षात ठेवतंय. दोघींचे नवरे गेल्यावर तेरा वर्षं दोघींनी मिळून हे कपडे दुरुस्तीचं दुकान ओढलं, आणि एका सकाळी ही बॅग उचलून चालू लागणार.

फोनवर काय शिजतंय ते कळावं म्हणून ती प्रत्येक चिठ्ठी पाठ करायची आणि होती तशी घडी घालून जागच्या जागी ठेवायची.

दुपारी नातीचा फोन आला. धाकटी तो मशीनला टेकवून बसली. थोरली कोपऱ्यात एक बाही उसवत राहिली, कान टवकारून. नातीनं काहीतरी विचारलं. त्यातलं 'ब्येनेस' थोरलीला लख्ख कळलं. कधी येतेस?

"यो... ब्येनो..." धाकटी अडखळली.

"बेंगो," थोरली म्हणाली.

बोलून गेल्यावर तिची कानशिलं तापली. धाकटीनं सावकाश मान वळवली.

"पाठ झालं की तुमचं."

"तू निघालीस, ते मला कळू नये होय?"

"एकटीला जायचं असतं तर एवढी मोठी अक्षरं कशाला काढली असती? मोतीबिंदू तुम्हाला आहे, मला नाही. आणि बॉबिनच्या डब्यात माझा हात कधी जातो?"

थोरलीनं डब्याकडे पाहिलं. मशीनवर तीच बसायची. धाकटीनं कधी मापं आणि हातशिलाई सोडली नव्हती.

"सरळ विचारायला काय झालं होतं?"

"विचारलं होतं. लेकीनं दोघींना बोलावलं, तेव्हा काय म्हणालात? मला मेलीला कुठली ती भाषा यायची, तू जा. फणकाऱ्यानं म्हणालात. सांगितलेलं तुम्ही ऐकत नाही, लपवलेलं मात्र सोडत नाही."

फोनच्या पडद्यावर नात अजून वाट बघत होती. थोरलीनं उसवलेली बाही मांडीवर नीट पसरली, एक निघालेला दोरा चिमटीत धरला.

"उद्यापासून चिठ्ठी समोर ठेव," ती म्हणाली. "शोधण्यात अर्धी सकाळ जाते."