चंपाचा नारळ

'चंपाचा अड्डा' हे नाटक पुतळाबाईने जितक्या वेळा पाहिलं, तितक्या वेळा ते लिहिणाऱ्यानेही पाहिलं नसेल. दारूबंदीच्या दिवसांतली गोष्ट. मालाडच्या खाडीकाठची एक कोळीण मासळीच्या टोपलीत तळाला हातभट्टीची दारू दडवून नेते, पोलिसांना झुलवते आणि शेवटी हवालदाराचा खून करून फासावर जाते. गिरणीत काम करणाऱ्या भिकाजीने ते लिहिलं आणि आपल्या कोकणी मंडळींना घेऊन गणपतीत बसवलं. खून त्याने मनाने घातला होता. बाकीची चंपा त्याने डोळ्यांनी पाहिलेली, कारण तो तिचं गिऱ्हाईक होता, नावगाव न विचारता पिणारा. ती चंपा म्हणजेच पुतळाबाई.

पहिल्या प्रयोगात चंपा झाला होता सहदेव नावाचा गडी. हातावर केस, पण टोपली डोक्यावर अशी घेतली, की पुतळाबाई मागच्या बायकांत बसून खूश झाली. पुढे कामगारांच्या स्पर्धेत नाटक गेलं, तेव्हा पगारी नटी आली आणि तिला टोपली काही पेलेना. मग कोणीतरी नाच घातले. त्यानंतर एका पुढाऱ्याच्या पैशावर प्रयोग झाला, त्यात चंपाने शेवटी दारू सोडण्याची शपथ घेतली. त्या वेळी पुतळाबाई मधेच उठून घरी आली. खून चालेल, पण ती शपथ तिला झोंबली. पोरं शिकवली ती ह्याच धंद्यावर, मग शपथ कसली घ्यायची, असं तिचं म्हणणं.

भिकाजीला मात्र तो खोटा खून डाचत असावा. कोकणी मंडळी प्रयोगाआधी नारळ ठेवून देवाला गाऱ्हाणं घालतात, त्यात त्याने स्वतःचं एक वाक्य घुसवलं होतं. जिच्यावर हे नाटक उभं राहिलं ती किंवा तिच्या माणसांपैकी कोणी इथे असेल, तर त्याने पुढे येऊन नारळाला हात लावावा, म्हणजे आम्हाला माफी मिळाली असं समजू. भिकाजी गेला, मुलगा गुणाजी गाऱ्हाणं घालू लागला, पण ते वाक्य कोणी गाळलं नाही. आणि इतक्या वर्षांत नारळाला हात लावायला कोणी उठलंही नाही. पुतळाबाईचा मुलगा दशरथ शाळामास्तर होता. तू उठलीस तर मी शाळेत तोंड दाखवणार नाही, असं त्याने आईला बजावलं होतं. म्हातारी मुलापायी बसून राहिली.

आता दशरथ राहिला नव्हता. त्याची मुलगी विनिता बँकेत नोकरीला, चारकोपला राहायला. आणि योग असा, की विनिताच्या मुलीने, श्रुतिकाने लग्न ठरवलं ते नेमकं गुणाजीच्या नातवाशी, सर्वेशशी. सुशांत नावाच्या नव्या दिग्दर्शकाने भिकाजीचं मूळ नाटक पुन्हा बसवलं होतं, त्यात हवालदार झाला होता सर्वेश. व्याही म्हणून विनिताला आग्रहाचं बोलावणं आलं. हे पुतळाबाईच्या कानावर गेलं आणि ती हटूनच बसली.

"या टायमाला मी नारलाला हात लावनार हाय," ती म्हणाली. "मना आता कोनाची भीती नाय."

भीती विनिताला होती. सर्वेशची आई सुलक्षणा पहिल्याच भेटीत कौतुकाने म्हणाली होती, की आमच्या घरात दारूला कोणी शिवत नाही. विनिताने तेव्हा मान डोलावली होती. साखरपुडा तोंडावर आला होता. आजीला नको म्हणायचा धीर होत नव्हता आणि हो म्हणायची लाज वाटत होती. शेवटी तिने रिक्षा बोलावली.

समाजमंदिराच्या हॉलमध्ये पहिल्याच रांगेत जागा ठेवलेल्या. एका बाजूला आजी, दुसऱ्या बाजूला सुलक्षणा, मधे विनिता. गुणाजीने नारळ मांडला, डोळे मिटले, गाऱ्हाणं सुरू केलं. सगळे 'व्हय म्हाराजा' म्हणत होते. मग ते वाक्य आलं.

"तिच्यातला कोण हय आसात, तर त्येना फुडे येवन नारळाक हात लावचो, म्हाराजा."

पुतळाबाई खुर्चीच्या हातावर जोर देऊन उठली. विनिताने तिच्या लुगड्याचा काठ धरला आणि खाली ओढला. जोरातच ओढला. गुणाजीने डोळे उघडले आणि आजींना काही म्हणायचंय का, असं विचारलं.

"काही नाही हो आजोबा," विनिता म्हणाली. "तिला ऐकू कमी येतं. नाटक संपलं वाटलं तिला."

लोक हसले. टाचणी पडली तरी जिला ऐकू येतं, ती म्हातारी मुकाट्याने खाली बसली. गुणाजीने नारळ फोडला.

नाटकात काय झालं, ते विनिताला धड आठवतही नाही. मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं तिला. आजी तिच्याकडे बघत नव्हती, समोर बघत होती. मध्यंतरात सुलक्षणाने चहा आणून दिला आणि म्हातारीजवळ वाकून, ऐकू कमी येतं म्हणून मोठ्याने विचारलं, "आजी, तुम्ही तर तिकडच्याच. अशी बाई होती का हो खरंच?"

पुतळाबाईने विनिताकडे पाहिलं. मग कप हातात घेतला.

"आमचे गावान तशी कोन नव्हती गो बाय. नाटकवाले कायपन लिवतान."

सुलक्षणाचा चेहरा पडला. ती विनिताला म्हणाली, की भिकाजी शेवटपर्यंत सांगत असत, अशी बाई होती आणि लाखात एक होती. मी तिला खुनी केलं, तिची माफी मागायची राहिली, असं ते म्हणत. "आमच्या घरी तिचा विषय निघाला की सगळे हात जोडतात. भेटली असती ना, तर साखरपुड्याला पहिला मान तिला दिला असता."

आता अडवणारं काही उरलं नव्हतं. विनिताने तोंड उघडलं. तेवढ्यात आजीचा सुरकुतलेला हात तिच्या गुडघ्यावर आला आणि हलकेच दाबला गेला. गप्प बस, एवढंच त्यात होतं. आता बोललीस तर मघाचं खोटं उघडं पडेल आणि तुझंच हसं होईल, हे म्हातारीने नातीच्या आधी ताडलं होतं.

विनिता गप्प बसली. तिला हायसं वाटलं, आणि त्या हायसं वाटण्याची इतकी लाज वाटली, की पुढचा सबंध अंक तिला मान वर करता आली नाही.