बिनपावसाचं छप्पर

रबियाने सांध्यातली लाकडी खुंटी दोन बोटांनी धरून ओढली. खुंटी अलगद हातात आली आणि तिच्या अंगाचा तिळपापड झाला.

आखातातल्या अल रुवैसजवळच्या खाडीवरचा हा साठ फुटी सागवानी पूल १९५६ सालचा. रत्नागिरीकडच्या सात सुतारांनी तो बांधला. लोखंडी खिळा खाऱ्या हवेत टिकत नाही, म्हणून प्रत्येक सांध्यात बाभळीच्या खुंट्या ठोकल्या आणि वर, या टोकापासून त्या टोकापर्यंत, चटयांचं छप्पर घातलं. शेहेचाळीस वर्षं एक खुंटी हलली नव्हती. गेल्या महिन्यात रबियाच्याच कंपनीने दुरुस्तीच्या नावाखाली अर्धं छप्पर उतरवलं. कारण काय, तर इथे पाऊस पडत नाही!

लाकडातला ओलावा मोजायचं यंत्र तिने पुन्हा लावून पाहिलं. छपराखाली अकरा टक्के, उघड्यावर सहा. उघड्या भागातल्या चाळीसपैकी एकतीस खुंट्या सैल होत्या.

"झालं का गं बाय?" जॉनसन सर डोक्यावरची टोपी सारखी करत गाडीतून उतरले. ते वसईचे, कंपनीतले मुख्य इंजिनियर. "रिपोर्टात एवढंच लिही, मूळचे सांधे कच्चे होते. सही कर. यल्ला, चल लवकर, जेवायला दोह्यात पोचायचंय."

"मूळचे कच्चे?" पुलाच्या कठड्याला टेकून बसलेले अबूबकर चाचा ताडकन उठले. रबियाच्या वडिलांचे हे चुलते, त्या सातांपैकी एकटेच उरलेले. जुनं काम समजावून सांगायला तिनेच त्यांना आणलं होतं. "भट्टीजवळ म्हयनाभर सुकवून खुंटी ठोकली मी. मगे ती हवेतला पाणी पिऊन फुगते न् सांधो आवळते. तुम्ही तिला उन्हात भाजलीत!"

"चाचा, पाऊसच नाही तर छप्पर कशाला?" सर म्हणाले.

"तुमच्या डोक्यावरची टोपी काय पावसाला घातलीय?"

सरांचा हात टोपीकडे गेला आणि तसाच खाली आला. मग ते रबियाकडे वळले. "हे बघ, छप्पर उतरवायच्या कागदावर माझी सही आहे. तू खरं लिहिलंस तर मी अडकतो. आणि तुझा व्हिसा कंपनीच्या हातात आहे, विसरू नकोस."

रबिया विसरली नव्हती. लाकूड सुकलं की आकसतं, ही कॉलेजात पहिल्याच वर्षी शिकवलेली गोष्ट या माणसाला ठाऊक नव्हती, हे तिने सोडून दिलं असतं. पण त्याचा दोष मेलेल्या सहा सुतारांच्या आणि समोर उभ्या असलेल्या सातव्याच्या माथी मारायचा? तेही तिच्या सहीने?

तिने गाडीच्या बॉनेटवर कागद पसरला. बॉनेट तापलेलं होतं, हात भाजत होता. तिने आकडे लिहिले, तारखा लिहिल्या. खाली लिहिलं: 'सांधे सैल होण्याचं कारण, छप्पर काढणे. काढणारे, आम्ही.' सही ठोकली.

सरांनी वाचलं. "आम्ही? डोकं फिरलंय तुझं?"

"मग तुमचं नाव घालू?"

मागे खरखर आवाज झाला. खाडीकाठी टाकून दिलेल्या चटयांपैकी एक चाचा एकटेच पुलाकडे ओढत निघाले होते.

"पोरी, कागद मगे," ते ओरडले. "आधी हिचं दुसरं टोक धर!"

रबियाने कागद सरांच्या हातात कोंबला आणि धावली.