झील धरली बायनाबाईनं

मी धनगराचा ढोल बोलतोय. वडवणीच्या वर बालाघाटाचा डोंगर चढत आलात, की बिरोबाच्या ठाण्याजवळ सटवाचं घर लागतं. तिथं माझा मुक्काम.

माझा जन्म आंब्याच्या खोडातला. सटवाच्या बापानं ते आतून कोरलं, दोन्ही तोंडांना बकऱ्याचं कातडं चढवलं आणि भंडारा लावून मला सटवाच्या गळ्यात घातलं. सटवा बिरोबाची ओवी सांगायचा. मागं उभा राहून त्याचा जोडीदार रामप्रसाद झील धरायचा, म्हणजे सटवानं टाकलेली ओळ उचलून पुन्हा म्हणायचा. एकानं टाकायची, दुसऱ्यानं उचलायची, तेव्हाच ओवी पुढं सरकते.

रामप्रसाद वारला आणि ओवी बंद पडली. माणसांचं मला नवल वाटतं. मनात बोलायचं असूनही ती गप्प बसतात. माझ्यावर आधी कांद्याचं पोतं आलं, मग कोंबडी अंडी उबवायला बसू लागली. बसू दिली.

गेल्या उन्हाळ्यात सत्यशीला आली. डोंगरातली जुनी गाणी, नाच, रीती कॅमेऱ्यात धरून ठेवायचं तिचं काम. ही ओवी येणारा एकटा सटवा उरलाय, हे तिला वडवणीतच कळलं होतं.

"बाबा, तुमच्यामागं ही ओवी कुणी कुठं ऐकायची?"

"लई हट्टी हायस, पोरी," सटवा म्हणाला. पण त्यानं कोंबडी उठवली.

मला उन्हात तापवलं. अंगणात कॅमेरा उभा राहिला. सटवानं भंडारा लावला, थाप दिली आणि पहिली ओळ टाकली. माझं सारं अंग शहारलं.

ओळ संपली. सटवा थांबला.

सत्यशीलाला वाटलं, झालं. "छान, बाबा!" म्हणत तिचा हात बटणाकडं गेला.

"झालं कुठं? हितं रामप्रसाद म्हणायचा." सटवानं मागच्या रिकाम्या जागेकडं बोट दाखवलं. "देवापाशी सुरू केलेली ओवी अर्ध्यात सोडता येत न्हाई, अन् एकट्याला पुढं नेता येत न्हाई. आता काय करू मी?"

एवढ्यात उंबऱ्यातून तीच ओळ आली. उंच, खणखणीत. सटवाची बायको, बायनाबाई, हातात सूप घेऊन उभी होती.

"तुला कवा आली गं?"

"इतकी वर्सं अंगणात वरडत होता. मी काय कानात बोळे घालून भाकरी थापत होते?"

"बाया झील धरत न्हाईत."

"मंग धरा तुमची तुमी! पर देवाला उभं करून ठेवलंय, ते बघा आधी."

सटवा मोठ्यानं हसला आणि पुढची ओळ टाकली. तिनं ती उचलली. एके ठिकाणी तो अडखळला, तर बायनाबाईनंच ओळ टाकली आणि सटवानं झील धरली! सत्यशीला डोळे पुसायलाही हलली नाही. ओवी शेवटाला गेली. मी असा कधीच वाजलो नव्हतो.

पुढं ठाण्यासमोर पडदा बांधून सत्यशीलानं ते चित्रण साऱ्या वस्तीला दाखवलं. शेजारची चंद्रभागाबाई म्हणाली, "कावून गं बायने, इतके दिस लपवून ठेवलं व्हतंस?"

"कुणी इचारलं का?"

आता चंद्रभागाबाई आणि तिच्या सुनाही झील धरायला येतात. सटवा चुका काढतो, बायनाबाई सटवाच्या काढते. माझं कातडं एका कडेला विरलंय, आवाज घोगरा येतो. तरी डोंगरात माझा आवाज कानी आला, तर लांबून ऐकून परत जाऊ नका. मागं येऊन उभे राहा. ओळ आम्ही टाकतो, तुम्ही उचला.