पिरोश्काचा आवाज

"हात छातीवर घ्या, सिन्योरिना. हां, असे. मेल्यावर कोपरं बाहेर काढून कोण झोपतं?" असे म्हणत ओरेस्ते सुताराने तिच्या खांद्यांवर टेप धरली.

पिरोश्का फळीवर उताणी पडली होती. आजूबाजूची माणसे हसली, म्हणून तीही हसली.

"झाकणाला खिळे मारणार?" तिने विचारले.

"खिळे कसले! नुसतं वर ठेवायचं. आतून दोन बोटांनी ढकललंत तरी उघडेल. माझा शब्द आहे."

शवपेटी तिच्याच मापाची होणार होती. परवा ती तिच्यात निजणार, आणि वरून माती पडणार.

रोममध्ये येऊन तिला सहा वर्षे झाली होती. हंगेरीत, बुडापेस्टमध्ये रशियन रणगाडे शिरले त्या हिवाळ्यात ती चिखल तुडवत सरहद्द ओलांडून आली, निर्वासितांच्या छावणीत राहिली, आणि पुढे एका कॉफीच्या दुकानात कपबश्या विसळत असताना सिनेमावाल्यांच्या नजरेस पडली. उंच बांधा, फिकट रंग आणि मोठे डोळे. भुताखेतांच्या सिनेमांचे ते दिवस होते, आणि तिच्या डोळ्यांत भीती आयतीच होती. पहिल्या सिनेमात पिशाच्चाने तिचे रक्त प्यायले, दुसऱ्यात तिला चेटकीण म्हणून फासावर दिले. पोस्टरवर तिचे नाव 'ग्लोरिया वेस्टन' असे छापत. इंग्रजी नाव असले की तिकिटे खपत. तिचे इटालियन बोलणे ओबडधोबड होते, म्हणून पडद्यावर तिचा आवाज नेरीना नावाची बाई देई. जाडजूड, दोन पोरांची आई असलेली नेरीना म्हणे, "तू नुसतं तोंड हलव गं पिरी, बोलायचं माझ्यावर सोड."

पिरोश्का लिफ्टमध्ये पाऊल ठेवत नसे. ट्रामला कितीही गर्दी असली तरी दाराला चिकटून उभी राही. झोपताना खोलीचे दार उघडे ठेवी; त्यापायी घरमालकिणीची बोलणी खाई. असे का, हे तिला रोममध्ये कुणी विचारले नव्हते आणि तिने सांगितले नव्हते.

हा प्रसंग नको, असे दिग्दर्शक बोनफांतेला सांगायचे तिने ठरवले. दोनदा त्याच्या टेबलापर्यंत जाऊन परत फिरली. तिचा राहण्याचा परवाना सिनेमा कंपनीच्या शिफारशीवर होता, आणि त्याची मुदत याच महिन्यात संपत होती. नकार दिला आणि उद्या कुणी म्हटले, मग जा आपल्या देशात, तर?

चित्रीकरण रोमबाहेरच्या एका जुन्या किल्ल्यात होते. तळघरातल्या प्रार्थनामंदिरात पेटी ठेवली होती. झाकणाला चेहऱ्यापुरती काच होती आणि काचेवर कॅमेरा टांगला होता. बोनफांते हळू आवाजात बोलणारा सडपातळ माणूस होता; कुणावर ओरडलेला तो कुणी पाहिला नव्हता.

"काही करू नकोस," तो म्हणाला. "तुला जाग येते, तू घाबरतेस, प्रियकराला, रिकार्दोला, हाक मारतेस. काचेवर थोडी माती पडेल. मी 'बस' म्हटलं की झाकण ढकलून बाहेर ये."

"माती किती?"

"चिमूटभर गं."

तिने ओरेस्तेकडे पाहिले. त्याने दोन बोटे वर करून हवेत ढकलून दाखवली. ती आत निजली. झाकण बसले.

मातीचे पहिले फावडे पडले तेव्हा तिने डोळे मिटले नाहीत. दुसऱ्याने अर्धी काच झाकली. तिसरे पडले आणि तोंडासमोर उजेडाची एक चिरी तेवढी उरली. नाकात मातीचा वास आला. खरे तर तो यायला नको होता, झाकण घट्ट होते. पण आला. तिने दोन्ही हातांनी वर ढकलले. झाकण हलले नाही. गुडघे वर घेऊन ढकलले. तरीही हलले नाही. मग तिच्या तोंडून जे निघाले ते तिचे तिलाही समजले नाही.

बाहेर ओरेस्ते भिंतीला टेकून उभा होता. ओरडणे ऐकून त्याने आधी मान डोलावली. पोरगी काम छान करते. मग पेटी हलायला लागली तसा तो जवळ आला. पेटीच्या कडेला लोखंडी आकडा होता. तो त्याने बसवलेला नव्हता.

"हा आकडा कुणी लावला?"

"माझ्या चौकटीतून बाहेर हो," बोनफांते हळूच म्हणाला. "अजून जरा वेळ."

ओरेस्ते कॅमेऱ्याच्या पुढूनच गेला. पटाशी घालून त्याने आकडा उपटला, माती, काच, झाकण सगळे बाजूला लोटले. पिरोश्का उठून बसली. तिची नखे फुटली होती आणि पांढरा झगा कमरेखाली ओला झाला होता. ओरेस्तेने आपला कोट काढून तिच्याभोवती गुंडाळला आणि पोटाशी नीट ओढून घेतला.

बोनफांते तिच्याशेजारी उकिडवा बसला. "रागावलीस? वेडे, सांगून अशी भीती मिळते का? आता पुढच्या दोन्ही सिनेमांत तूच."

"ती माझ्या शब्दावर आत गेली होती, साहेब," ओरेस्ते म्हणाला. त्याने हत्यारे पिशवीत भरली आणि तो कामावरून निघून गेला.

त्यानंतर पिरोश्का दिवसासुद्धा खोलीचे दार लावीना. नेरीनाने तिला आवाज भरायच्या स्टुडिओत बोलावले, तेव्हा ती चार जिने चढून धापा टाकत पोहोचली.

"ये बाई. मी इथं डोकं फोडून घेतेय," नेरीना म्हणाली. "कागदावर लिहिलंय 'रिकार्दो'. पण तुझे ओठ काही तसे हलत नाहीत. किती वेळा बघितलं. तू म्हणतेस काय नक्की?"

पडद्यावर काचेमागे एक तोंड उघडत होते, मिटत होते. त्याला आवाज नव्हता. पिरोश्काने तिथे पाहिले आणि ती खुर्चीची पाठ धरून उभी राहिली.

"झोफी," ती म्हणाली.

"ही कोण?"

"बहीण. धाकटी."

महायुद्धात त्यांच्या बुडापेस्टच्या घरावर बॉम्ब पडला तेव्हा सगळे तळघरात होते. छत खाली आले. ती एका कोपऱ्यात अडकली, झोफी ढिगाऱ्याच्या पलीकडे. शेजारचे एक म्हातारे गृहस्थ तिच्या बाजूला होते. ते म्हणाले, पोरी, बोलू नकोस, हवा पुरवून वापरायला हवी. ती शहाण्यासारखी गप्प बसली. पलीकडून झोफी हाका मारत होती. पिरोश्का, आहेस का? पिरोश्का!

"मी ओ दिली नाही," ती म्हणाली. "मग ती हाक मारायची थांबली."

नेरीनाने सिगारेट विझवली. "किती वर्षांची होतीस?"

"दहा."

"मरियामाते!" नेरीनाने नाक पुसले. "हे बघ, याच्यावर मी त्या मेल्या रिकार्दोचं नाव ओरडणार नाही. माझ्यानं होणार नाही. तूच म्हण."

आवाज भरायची खोली कपाटाएवढी होती. भिंतींना गाद्या ठोकलेल्या, दार जाड, आणि दार लावल्याशिवाय काम होत नसे. पिरोश्का उंबऱ्यावरच थबकली.

"मी आत येते तुझ्याबरोबर," नेरीना म्हणाली. "दाराच्या बाजूला मी. मला ढकलून जायचं म्हणजे सोपं नाही, पण तू नुसतं बोट लाव, मी उघडते."

दार लागले. काचेपलीकडे चित्र सुरू झाले. नेरीनाने पिरोश्काला कमरेला धरले. पहिल्या खेपेला तोंडातून नुसती हवा निघाली. दुसऱ्या खेपेलाही तेच.

"चल, जाऊ बाहेर?" नेरीनाने विचारले.

"नको. परत लावायला सांग."

तिसऱ्या खेपेला तिने हाक मारली. यंत्रावरच्या माणसाने कानांवरचे हेडफोन काढले आणि कागदावरचे 'रिकार्दो' खोडले.

बोनफांतेला कळले तेव्हा तो प्रथम कुरकुरला. झोफी कोण, प्रेक्षक विचारतील! मग त्याने ते ऐकले आणि कथेतच बदल केला. म्हाताऱ्या नोकराच्या तोंडी एक वाक्य नव्याने भरले, की नायिकेला सोफिया नावाची बहीण होती, तिला घरी झोफी म्हणत, ती वारली. एवढ्यावर काम भागले.

पुढच्या दोन सिनेमांना पिरोश्काने नाही म्हटले. या वेळी ती टेबलापर्यंत गेली, आणि बोलली.

"परवान्याचं काय करशील?" बोनफांतेने अगदी मायेने विचारले.

"माहीत नाही," ती म्हणाली. तिला खरोखरच माहीत नव्हते, आणि आठवडाभर तिला झोप आली नाही. शेवटी नेरीनाच्या मावसभावाने रोमच्या गारबातेल्ला वस्तीतल्या आपल्या बेकरीत तिला कामाला ठेवल्याचे लिहून दिले, आणि त्यावर परवाना वाढवून मिळाला. बेकरीत दार दिवसभर उघडेच असे.

सिनेमा शरद ऋतूत त्या भागातल्या लहान थिएटरात लागला. ती एकटीच दुपारच्या खेळाला गेली आणि कडेच्या खुर्चीवर बसली. डोक्याला रुमाल बांधलेल्या, केस विस्कटलेल्या बेकरीतल्या बाईला कुणी ओळखले नाही. शेजारी एक आजीबाई होत्या, मांडीवर भाजीची पिशवी घेऊन. पडद्यावर माती पडू लागली तशी त्यांनी पिशवी सोडली आणि डोळ्यांवर दोन्ही हात घेतले.

"मला नाही बघवत गं बाई," त्या कुजबुजल्या. "झालं की सांग हं."

मग ती हाक आली, हंगेरियन वळणाची, नावाचा पहिला स्वर लांबवणारी. उठून जावे असे तिला वाटले. दार चार पावलांवर होते. पण झाले की तिने आजीबाईंना सांगायचे होते. तिने नजर पडद्यावरून हलवली नाही. झाकण निघाले, उजेड आला, पांढऱ्या झग्यातली मुलगी उठून बसली.

"झालं का गं?"

"झालं," पिरोश्का म्हणाली. "काढलं तिला बाहेर. आता बघा तुम्ही."